सिंहली मालिका हिंदीची नक्कल नाहीत

सध्या एक मजकूर सगळीकडे फिरतोय : 'श्रीलंकेतल्या मालिका म्हणजे आपल्या हिंदी सासू-सुनांची नक्कल. त्यासुद्धा म्हातारी माणसंच बघतात, बाकीच्यांना डब केलेल्या भारतीय मालिकाच लागतात.' यातलं एकही वाक्य टिकत नाही.

आधी नकलेचं बघू. खेड्यातल्या कॉफीच्या दुकानात बसून गावकरी महागाईपासून राजकारणापर्यंत सगळ्याचा समाचार घेतात, ती 'कोपी कडे' ही मालिका आयटीएन वाहिनीवर १९८७ साली सुरू झाली. आपल्याकडे सासू-सुनांची लाट आली २००० मध्ये. त्याआधीच्या सिंहली मालिका बहुधा आठवड्यातून एकदा लागत आणि थोडक्या भागांत संपत. सिंहली लेखक के. जयतिलक यांच्या 'चरित तुनक्' या कादंबरीवरही मालिका झाली. रोज चालणारं दळण तिथे नंतर आलं आणि त्यावर हिंदीची छाप आहे, हे मान्य. पण उसनं घेतलं की नक्कलच होते का? मुंबईच्या पारशी नाटक कंपन्या एकोणिसाव्या शतकात कोलंबोला गेल्या, त्यातून सिंहली 'नूर्ती' रंगभूमी उभी राहिली. आपल्या संगीत नाटकानेही पारशी रंगभूमीकडून घेतलंच की!

म्हाताऱ्यांचा मुद्दा तर फारच तकलादू. २०१७ साली आलेली 'कूम्बियो', म्हणजे मुंग्या, तरुणांनी यूट्यूबवर डोक्यावर घेतली. नायक जेहान कोलंबोतला बिलंदर ठकसेन.

डब मालिका चालतात, खरंच चालतात. त्यात कोरियन राजवाड्यातली 'सुजाता दियणी'ही आली. पण डबिंग हीसुद्धा तिथे मानाची कला आहे. रूपवाहिनी या तिथल्या सरकारी वाहिनीवर चित्रपट दिग्दर्शक टायटस तोटवत्ते यांनी अमेरिकन कार्टूनमधल्या बग्ज बनी या सशाचा 'हा हा हरि हावा' केला, तो ससा पोरांना अस्सल सिंहलीच वाटला.

आणि या मालिका इतक्या जिवाभावाच्या का, याचं कारण भाषेत आहे. मी सिंहली पुस्तकावरून शिकायला बसले तेव्हा 'तो गेला' याला 'ओहु गियेय' असं घोकलं होतं. बातम्यांतही हीच ग्रांथिक भाषा. घरात मात्र असं कोणीच बोलत नाही. मालिका लावली आणि एक आई दाराकडे बघत म्हणाली, 'एया गिया.' बोलताना मी, तू, ती, ते, कुणीही जावो, 'गिया'च. माझ्या मराठी कानाला त्यात 'गेला' ऐकू आलं, आणि त्या दिवसापासून मी पुस्तक मिटून मालिकेतूनच भाषा शिकले.