‘बिल भरू नका, मनाई हुकूम आणा’ : एका घातक सल्ल्याचा प्रतिवाद

सिंहगड रस्त्यावरच्या सोसायट्यांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांत एक संदेश फिरतो आहे. वीजबिल अवाच्या सवा आले तर ते भरू नका, दिवाणी न्यायालयातून एका दिवसात मनाई हुकूम मिळतो, स्थिर आकार (वापर कितीही असो, दरमहा लागणारी ठरावीक रक्कम) आणि वहन आकार (वीज घरापर्यंत वाहून आणण्याचा आकार) बेकायदा आहेत, आणि दोन वर्षे तग धरली की थकबाकी आपोआप रद्द होते, असा त्याचा आशय. माझ्या मावशीने त्यावर विसंबून बिल भरणे थांबवले आणि तिच्या हाती वीज तोडण्याची नोटीस पडली. हा सल्ला पुढे ढकलणाऱ्यांपैकी एकानेही विद्युत अधिनियम, 2003 चे कलम 56 उघडून पाहिलेले दिसत नाही.

‘बिल भरू नका’ हा यातला सर्वांत घातक भाग. कलम 56 नुसार थकबाकीसाठी पूर्ण 15 दिवसांची लेखी नोटीस देऊन वीज तोडण्याचा अधिकार कंपनीला आहे, आणि ग्राहकाला बिल मान्य नाही एवढ्याने तो अधिकार थांबत नाही. तो थांबवण्याची सोय त्याच कलमाच्या परंतुकात, म्हणजे अपवाद सांगणाऱ्या भागात, आहे : मागितलेली रक्कम, किंवा आधीच्या सहा महिन्यांत भरलेल्या आकाराच्या सरासरीने दरमहा येणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती निषेध नोंदवून भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही. म्हणजे दरमहा साधारण 1,500 रुपये भरणाऱ्या घराला एका महिन्याचे बिल 28,000 रुपये आले, तर 1,500 रुपये भरून आणि तसे लेखी कळवून पोच घेतली की संरक्षण मिळते. त्यासाठी न्यायालयात जावे लागत नाही. जो हक्क कायद्याने घरबसल्या दिला आहे, तोच हा संदेश ग्राहकाला गमवायला लावतो.

मनाई हुकमाचे म्हणाल तर कलम 145 वाचावे. या कायद्याने दिलेल्या अधिकारानुसार केलेल्या किंवा करावयाच्या कारवाईविरुद्ध कोणत्याही न्यायालयाने मनाई हुकूम देऊ नये, असे त्यात स्पष्ट लिहिले आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते, हे मात्र मान्य करावे लागेल. नैसर्गिक न्याय डावलला गेला असेल, म्हणजे बाजू मांडण्याची संधीच दिली नसेल, किंवा अधिकारकक्षेबाहेर जाऊन आदेश काढला असेल, तर न्यायालय हस्तक्षेप करते. पण चुकीच्या मीटर वाचनासाठी तिथे गेल्यास आधी वीज कंपनीच्या ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे का गेला नाहीत, हाच प्रश्न बहुधा विचारला जाईल. कलम 42 खालील या मंचापुढे वकील नेमण्याची सक्ती नाही, मंच अंतरिम आदेश देऊ शकतो आणि त्याच्या निर्णयावर विद्युत लोकपालाकडे दाद मागता येते.

दोन वर्षांच्या दाव्यात अर्धे सत्य आहे. रक्कम प्रथम देय झाल्यापासून दोन वर्षांनंतर वसूल करता येत नाही, पण ती बिलात थकबाकी म्हणून सातत्याने दाखवली जात असेल तर ही मर्यादा लागू होत नाही. न भरलेली रक्कम पुढच्या प्रत्येक बिलात थकबाकी म्हणून येतच राहते, त्यामुळे संदेश ज्यांना तग धरायला सांगतो त्यांना या तरतुदीचा उपयोग नाही. उलट मंचाकडे तक्रार करण्याची मुदतही दोनच वर्षांची असल्याने वाट पाहणाऱ्याचा तोही मार्ग बंद होतो.

स्थिर आणि वहन आकार बेकायदा नाहीत. ते महाराष्ट्र विद्युत नियामक आयोगाच्या दर आदेशातून येतात. ते जाचक वाटणे वेगळे, आणि मलाही ते जाचक वाटतात. पण दराचा वाद हा बिलाच्या वादापेक्षा निराळा आहे आणि त्याची वाटही निराळी आहे. कलम 64 नुसार दर ठरवण्याआधी आयोगाला लोकांच्या सूचना व हरकती विचारात घ्याव्या लागतात, आणि आदेश निघाल्यावर 45 दिवसांत दिल्लीच्या विद्युत अपील न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. संदेश पसरवणाऱ्या सोसायट्यांनी पुढच्या दर प्रस्तावावर मुदतीत लेखी हरकत नोंदवावी आणि सुनावणीला आपला माणूस पाठवावा.