सिमेंट हवंय? मग खणा दगड!

पालवर्ल्ड हा व्हिडिओ गेम; त्यात 'पाल' नावाचे प्राणी पकडायचे आणि कामाला जुंपायचे. त्यात सिमेंटच्या एका खेपेला दगड किती? 50! वर एक हाड आणि एक पाल फ्लुइड, म्हणजे पालापासून मिळणारा द्रव. एक खेप, 50 दगड! घर बांधायचंय की डोंगर गिळायचाय? बरं, दगड दळायला हातात वेळ तरी असावा! तोवर इनगॉट, म्हणजे धातूच्या विटा, संपलेल्या. एका इनगॉटला ओर (कच्चं खनिज) दोन, आणि मेगा स्फियर, म्हणजे पाल पकडायचा गोळा, म्हटलं की इनगॉट आलाच. भट्टी पेटवायला आगवाला पाल हवा, पण तो कुठे? कोपऱ्यात घोरतोय.

खाणीवर अनुबिस नावाचा पाल लावावा, तर स्वारी वर्कबेंचवर कारागिरी करायला पळते. मायनिंग (खाणकाम) तिसऱ्या पातळीचं, हॅन्डीवर्क (हस्तकाम) चौथ्या, मग काय, साहेबांना फावडं कशाला शोभेल? उरलेले पाल दगडात अडकून उपाशी. जेवणाची पेटी चार पावलांवर, पण मधे खांब आहे ना!

आणि ओरच्या शिरेवर चुकून फाउंडेशन, म्हणजे घराचा पाया, टाकलंत? ती शीर पुन्हा उगवायची नाही. बसा आता दुसरीकडून ओर वाहत, वजनाने वाकून, एकेक पाऊल सरपटत, सामानाच्या पेटीपर्यंत. वजनावर तोडगा? तो बनवायलाही सामान लागतंच की!