कूलरसमोर बसून दुकान चालवायचा प्लॅन

मामाचं नागपुरात गांधीबागेत कपड्याचं दुकान आहे अन् तिथल्या जुन्या कॉम्प्युटरवर उबंटू ही फुकटची ऑपरेटिंग सिस्टीम टाकून बिलिंगचा सर्व्हर मीच करून दिलेला, तेव्हापासून प्रिंटर अडकला तरी फोन मलाच. मे महिन्यात 45 डिग्रीत मनीष नगरहून गांधीबाग म्हणजे भाजून निघायचं काम. म्हटलं एसएसएच, म्हणजे दुरून कॉम्प्युटर चालवायची सुरक्षित सोय, लावून टाकू, घरूनच सगळं करू.

हे एसएसएच 1995 मध्ये फिनलंडच्या तातू इलोनेननं लिहिलं, कारण त्याच्या युनिव्हर्सिटीच्या नेटवर्कवर कोणीतरी पासवर्ड चोरून राहिलं होतं. थंड देशात माणसाला सुचतं बाप्पा.

राउटरवर 22 नंबरचा पोर्ट, म्हणजे एसएसएचचं दार, उघडला अन् सकाळी लॉग, म्हणजे कोण आलं-गेलं त्याची नोंद, पाहतो तर रात्रभर रूट, अ‍ॅडमिन, टेस्ट अशी नावं घेऊन कोण कुठले लोक दार ठोठावून राहिले. मामांना फोनवर सांगितलं तर म्हणे, "काऊन बे, दुकानात दिवसभर कुत्रं फिरकत नाही अन् तिथं एवढी गर्दी?"

मग पासवर्ड बंद करून कीवर आलो. मामांना समजावलं, पब्लिक की म्हणजे कुलूप, ते सर्व्हरला लावायचं, प्रायव्हेट की म्हणजे किल्ली, ती माझ्या लॅपटॉपमधून हलत नाही. "म्हणजे माझ्या दुकानाची किल्ली तुझ्याजवळ?" मी विषय बदलला.

इथं थांबलो असतो तर बरं होतं, पण अंगात आलं अन् फायरवॉलही, म्हणजे नेटवरून येणाऱ्यांना अडवणारा चौकीदार, चालू केली. उबंटूच्या या चौकीदारानं, यूएफडब्ल्यूनं, नीट विचारलं होतं, चालू एसएसएच तुटू शकतं, करू का? मी वाय दाबलं. काही तुटलं नाही, म्हणून खुशीत लॉगआउट केलं. पाच मिनिटांनी परत जोडायला गेलो तर कनेक्शन टाइम्ड आउट. 22 ला परवानगी द्यायचीच राहिली होती, जुनं कनेक्शन तेवढं टिकून होतं अन् तेही मीच आपल्या हातानं बंद केलं.

दुपारचे दोन. डोक्याला दुपट्टा गुंडाळला, गाडीची सीट तव्यासारखी, निघालो. पोचलो तर शटर अर्धं खाली, मामा थानांच्या गठ्ठ्याला टेकून घोरून राहिलेले. कीबोर्डवर साड्यांचे डबे, ते उतरवले, सुडो यूएफडब्ल्यू अलाउ 22 मारलं. एक ओळ फक्त!

मोबाइलच्या नेटवर लॅपटॉप लावून पाहिला, जोडलं. तेवढ्यात मामा उठून मागं येऊन उभे, स्क्रीनवर लॉग सरकत होता, इनव्हॅलिड यूजर अ‍ॅडमिन.

"पाय न बे," मामा खूश, "आलं गिऱ्हाईक."