माळ गळ्यात हाय, नाकात नाई

आमचे साडभाऊ अलिबागचे. फोनवर दरवेळी एकच टोमणा: "तुमच्याकडे समुद्र नाही, मग तुम्ही मासे म्हणून खाता तरी काय?" मे महिन्यात ते दोन दिवस नागपूरला येणार म्हटल्यावर माझ्या तोंडून निघून गेलं, "समुद्र नसला तरी आमच्याकडे मामा आहे." भंडारा-गोंदियाकडच्या माजी मालगुजारी तलावांना आमच्याकडे सरकारी कागदातसुद्धा 'मामा तलाव' म्हणतात. तिथली रोहू, वरून सावजी रस्सा, या तुम्ही, म्हटलं.

आणि फसलो. आईनं अठरा वर्षांपूर्वी पंढरपूरला तुळशीची माळ घातली, तेव्हापासून मासोळी आमच्या स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडत नाही. शेगडी गॅलरीत, गंज (पातेलं) वेगळा, सराटा (उलथनं) वेगळा आणि स्वयंपाकीही वेगळा, म्हणजे मी. बायकोनं हात झटकले. "शब्द तुम्ही दिला, रस्साही तुम्हीच द्या."

सकाळी सातला भोईपुऱ्यातल्या मच्छीबाजारात गेलो. मासोळीवालीनं पायाखाली विळा दाबून दोन किलोच्या रोहूचे खवले काढले, पोट फाडलं आणि हिरवी पित्ताची पिशवी अशी अलगद काढली की मी श्वास रोखून होतो. ती फुटली की अख्खी मासोळी कडू. "तळता का रस्सा?" तिनं विचारलं. रस्सा म्हणताच डोकं पिशवीत टाकलं. "सारी चव डोस्क्यातच रायते, भाऊ."

तलावाच्या मासोळीला मातीचा वास असतो. पाण्यातले सूक्ष्मजीव जिओस्मिन नावाचं द्रव्य तयार करतात, त्याचा तो वास. पहिल्या पावसात अंगणातून येतो तो सुगंधही ह्याच जिओस्मिनचा. म्हणजे जूनमध्ये ज्यावर माणसं कविता करतात, तेच मे महिन्यात गंजात आलं की बायको नाकाला पदर लावते. आंबटानं तो वास मोडतो, म्हणून तुकड्यांना हळद, मीठ आणि तीन लिंबं चोळून ठेवली.

अकरा वाजता गॅलरीत शेगडी पेटवली. पारा पंचेचाळीसला. (२३ मे २०१३ ला ४७.९ झाला होता, त्यामुळे पंचेचाळीसला आम्ही 'बरं आहे आज' म्हणतो.) सावली एकाच कोपऱ्यात होती, कूलरच्या मागे. तिथंच बसलो. माझी अक्कल तिथंच संपली हे नंतर कळलं.

कांदे आचेवर भाजले. सुकं खोबरं, जवस, खसखस, धने, मिरे, दगडफूल वेगवेगळं भाजून घेतलं. हलबा कोष्टी विणकरांच्या घरातला हा सावजी मसाला. घाई केली की माफ करत नाही. आता कूलर काय करतो? बाहेरची कोरडी हवा ओल्या खसमधून ओढतो आणि थंड करून घरात सोडतो. बाहेरची म्हणजे कुठली? माझ्या कढईवरची. मी तेलात तिखट टाकलं आणि आत हॉलमध्ये एकदम चार माणसं खोकली.

कूलर बंद करावा तर माणसं उकडून मरतील. चालू ठेवावा तर खोकून. मी शेगडी उचलायला उठलो तोच आतून आईचा आवाज आला.

"बाबू, कांदा कच्चा हाय अजून."

मी गप्प. ती देवघराशेजारच्या दिवाणावर पडलेली, कूलरच्या बरोबर समोर. माळ घालण्याआधी पंचवीस वर्षं बाबांसाठी तिनं हाच रस्सा केला होता.

"जवस जास्त भाजली तू. पाणी गरम टाकजो, थंडं टाकशीन तर तर्री बसते."

"आई, तुला त्रास होत असेल तर..."

"काऊन? माळ गळ्यात हाय, नाकात नाई."

पुढचा अर्धा तास वास आत जात होता आणि हुकूम बाहेर येत होते. चिंच टाक. आता मासोळी सोड. सराटा लावू नको, तुकडे मोडतीन, गंज धरून हालव. मीठ? "मीठ वासानं समजत नाई, तेवढं तू पाय." वरून सांबार भुरभुरला (साडभाऊंना समजवावं लागलं की इकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात, इडलीबरोबरचं ते नव्हे) आणि गंज उतरवला.

साडभाऊ जेवताना एक शब्द बोलले नाहीत. मला वाटलं, चव लागली. खरं म्हणजे सुरमईच्या एका मधल्या काट्याची सवय असलेला माणूस, रोहूच्या त्या बारीक दुफाट्या काट्यांनी त्यांचं तोंड रिकामंच ठेवलं नाही. वरून तिखट. शेवटी डोळे पुसत त्यांनी सोलकढी मागितली. आम्ही मठ्ठा दिला. तिसऱ्यांदा रस्सा मात्र त्यांनी स्वतःच वाढून घेतला.

ते गेले, वास राहिला. आठ दिवस कूलर लावला की हॉलमध्ये थंडगार सावजी रस्सा सुटायचा. आईला तक्रार नव्हती. उलट दुपारी दिवाण तिनं आणखी हातभर पुढे सरकवून घेतला. शेवटी बायकोच्या सांगण्यावरून खस बदलायला पोट्टा बोलावला. त्यानं जुनी ताटी काढली, नाकाजवळ नेली आणि माझ्याकडे पाहिलं.

"काकाजी, रोहू होती का मरळ?"