‘तेव्हाच का नाही सांगितले?’ असे विचारणाऱ्या संदेशाला उत्तर

ब्रिटिश कादंबरीकार एडवर्ड सेंट ऑबिन यांनी बुकर हा साहित्य पुरस्कार मिळवण्यासाठी आईवडिलांची बदनामी केली, त्यांची पुस्तके तरुणांना व्यसन आणि आईवडिलांचा द्वेष शिकवतात, आणि त्यांतले अत्याचार खरे असते तर मुलाने तेव्हाच सांगितले असते, असा मजकूर व्हॉट्सॲपवर फिरतो आहे. इंग्रजी साहित्य शिकणाऱ्या माझ्या भाचीला तो तिच्या आजीनेच ‘असली पुस्तके घरात नकोत’ या शेऱ्यासह पाठवला, म्हणून उत्तर देणे भाग आहे.

बुकर त्यांना मिळालेच नाही. २००६ साली त्यांची ‘मदर्स मिल्क’ ही कादंबरी अंतिम यादीत होती आणि पुरस्कार किरण देसाई यांना मिळाला. व्यसनाचे म्हणाल, तर ‘बॅड न्यूज’मधली, या कादंबऱ्यांचा नायक पॅट्रिक मेलरोज याची हेरॉइनपायी झालेली दैना वाचून धसकाच बसतो.

खरा घातक मुद्दा ‘तेव्हाच सांगितले असते’ हा आहे. ‘नेव्हर माइंड’ या कादंबरीच्या (१९९२) आरंभी, फ्रान्समधल्या घरी डेव्हिड मेलरोज नळीच्या पाण्याने मुंग्या बुडवत असतो आणि इस्त्रीच्या कपड्यांचा भार घेऊन उभ्या असलेल्या मोलकरणीला, तिचे हात भरून आले आहेत हे ओळखूनच, बोलण्यात गुंतवून ठेवतो. त्याच दिवशी तो आपल्या पाच वर्षांच्या मुलावर, पॅट्रिकवर, बलात्कार करतो आणि वाच्यता केलीस तर याद राख, असे धमकावतो. रात्री मुलगा जिन्यावर आईची वाट पाहत बसतो. जेवायला आलेली एक पाहुणी हे आईला सांगते. आई उठू लागते आणि नवऱ्याने अडवताच पुन्हा खाली बसते. या मुलाने कोणाला सांगायचे होते?

‘आपल्याकडे असे घडत नाही’ असेही मजकुरात आहे. केंद्रीय महिला व बालविकास मंत्रालयाने २००७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या, महाराष्ट्र आणि गोव्यासह १३ राज्यांतल्या १२,४४७ मुलांशी बोलून केलेल्या अभ्यासात ५३.२२ टक्के मुलांनी कोणत्या ना कोणत्या प्रकारच्या लैंगिक अत्याचाराचा अनुभव नोंदवला होता. अत्याचार करणाऱ्यांपैकी निम्मे ओळखीचे किंवा विश्वासातले होते आणि बहुतेक मुलांनी कोणालाही काही सांगितले नव्हते. हे आकडे वाचून तरी आपण मुलांच्या गप्प राहण्याला खोटेपणाचा पुरावा मानणे थांबवावे.

या कथेमागे लेखकाचे स्वतःचे घर आहे, एवढे मात्र मान्य करावे लागेल; सेंट ऑबिन यांनीच मुलाखतींत तसे सांगितले आहे. परंतु स्वतःवर झालेला अत्याचार सांगणे म्हणजे बदनामी नव्हे. द्वेषाचा आरोप तर पुढची पुस्तके न वाचताच केलेला दिसतो. ‘मदर्स मिल्क’मध्ये पॅट्रिक दोन मुलांचा बाप आहे, आईने फ्रान्समधले ते घर एका आध्यात्मिक संस्थेला देऊन टाकल्याचा राग त्याच्या मनात धगधगत असतो, तो दारूही पितो, आणि तरीही आपल्या वाट्याला आलेले विष मुलांपर्यंत पोहोचू नये म्हणून धडपडत राहतो.