'हा गुन्हा आहे' असं लिहिणाऱ्या सरांना

सर,

मुलीला घरी शिकवण्याविषयीच्या माझ्या लेखाखाली तुमची प्रतिक्रिया वाचली. खाली नाव नाही, 'निवृत्त शिक्षक, बडोदा' एवढंच आहे, म्हणून सर म्हणते. ज्यांनी ती वाचली नसेल त्यांच्यासाठी तुमचं म्हणणं थोडक्यात सांगते. सहा ते चौदा वयाच्या मुलीला शाळेतून काढून घरी बसवणं हा "सरळ सरळ गुन्हा" आहे. ज्या सयाजीराव महाराजांनी शिक्षण सक्तीचं केलं, त्यांच्या गावात राहून हे करताना मला "लाज वाटायला हवी होती". घरी शिकण्याची सवलत कायद्याने फक्त तीव्र अपंगत्व असलेल्या मुलांना दिली आहे. मुलगी एकलकोंडी होईल, दहावीला कुठून बसेल, शिवाय हे सगळं खात्यापित्या घरांचे लाड आहेत. आणि शेवटी: "बाई, पोटच्या पोरीवर प्रयोग करू नका."

शेवटापासूनच सुरुवात करते, कारण बाकीचं मी शांतपणे वाचू शकले, हे वाक्य नाही. तुम्ही माझ्या मुलीला पाहिलेलं नाही. ती काय वाचते, किती वाजता उठते, कशाने घाबरते, यातलं काहीही तुम्हाला ठाऊक नाही. आयुष्य शिकवण्यात गेलं असं तुम्ही लिहिता. वर्गातल्या एखाद्या मुलाची आई भेटायला आली तर तिच्याशीही याच भाषेत बोलायचात का? मतभेद मला नवे नाहीत. माझ्या सासूबाई या विषयावर माझ्याशी कित्येक महिने वाद घालत होत्या, जेवणाच्या ताटावरसुद्धा. त्यांना आजही हे पटलेलं नाही. पण मी पोरीवर प्रयोग करते आहे असं त्या कधी म्हणाल्या नाहीत, कारण त्यांनी तिला रोज पाहिलं आहे.

आता गुन्ह्याचं बोलू. हा शब्द तुम्ही सहज लिहून गेलात, पण तो सहज लिहिण्यासारखा नाही. लोक वाचतात, घाबरतात. तुमच्या प्रतिक्रियेनंतर घरी शिकवणाऱ्या दोन ओळखीच्या आयांचे मला फोन आले, 'पोलीस येतील का हो?' म्हणून.

शिक्षणाच्या हक्काचा कायदा 2009 चा, लागू झाला 1 एप्रिल 2010 पासून. त्याचं दहावं कलम म्हणतं की आपल्या मुलाला नजीकच्या शाळेत प्राथमिक शिक्षणासाठी दाखल करणं हे पालकांचं कर्तव्य आहे. हे मी लपवत नाही, माझ्या लेखातही होतं. पण त्या कलमाच्या पुढे काय आहे ते तुम्ही वाचलंत का? काहीच नाही. दंड नाही, कैद नाही, नोटीस कोणी काढायची तेही नाही. आता त्याच कायद्याचं तेरावं कलम काढा. देणगी घेतली तर घेतलेल्या रकमेच्या दहापटीपर्यंत दंड, प्रवेशासाठी मुलांची किंवा पालकांची चाळणी लावली तर पहिल्या वेळी 25,000 आणि नंतर दर वेळी 50,000 रुपयांपर्यंत. अठरावं काढा. मान्यतेशिवाय शाळा चालवली तर 1 लाखापर्यंत दंड, आणि तशीच चालू ठेवली तर रोजचे 10,000. म्हणजे दंड कसा लिहायचा हे हा कायदा लिहिणाऱ्यांना व्यवस्थित माहीत होतं. शाळांना त्यांनी तो लावला. पालकांच्या कलमापाशी आल्यावर हात थांबवला. हे नजरचुकीने झालं असं तुम्ही म्हणणार का?

'सक्तीचं' म्हणजे कोणावर सक्ती, हेही कायद्यानेच सांगून ठेवलं आहे. आठव्या कलमाचं स्पष्टीकरण वाचा. शिक्षण मोफत पुरवणं आणि मुलांचा प्रवेश, हजेरी व शिक्षण पुरं होणं हे बघणं, हे बंधन सरकारवर आहे. पहिली सक्ती सरकारवर. घटनेचं 21-क हे कलम 2002 च्या 86 व्या दुरुस्तीने आलं, तेही राज्यालाच बजावतं. त्याच दुरुस्तीने पालकांचं कर्तव्य 51-क मध्ये घातलं, आणि तिथे मुलाला शिक्षणाची संधी द्या असं म्हटलं आहे. शाळा हा शब्द तिथे नाही. मूलभूत कर्तव्य मोडलं म्हणून कोणी तुरुंगात जात नाही, हे नागरिकशास्त्र तुम्हीच आम्हाला शिकवलंत.

ज्या देशाला बंदी घालायची असते तो घालतो. जर्मनीने घातली आहे. तिथे मूल शाळेत पाठवलं नाही तर दंड होतो, आणि तिथल्या एका कुटुंबाची तक्रार युरोपच्या मानवी हक्क न्यायालयाने 2006 साली फेटाळली. इंग्लंडने उलटं केलं. 1944 च्या कायद्यात पालकाने मुलाला शिक्षण द्यावं, शाळेत पाठवून किंवा अन्य रीतीने, असं लिहिलं. आपण दोन्ही केलं नाही. ज्या मंत्रालयाचा हा कायदा, त्याचीही स्थिती पाहा. 2012 साली दिल्ली उच्च न्यायालयात केंद्राने आधी सांगितलं की पालकांना स्वखुशीने घरी शिकवायचं असेल तर हा कायदा आड येत नाही, आणि पुढे ती भूमिका बदलली. केंद्र सरकारला जे ठामपणे ठरवता आलं नाही ते तुम्ही तीन शब्दांत ठरवून मोकळे झालात.

आणि सयाजीराव महाराज. त्यांचं नाव घेऊन मला लाज वाटायला लावणं हे मला सगळ्यात लागलं, कारण या गावात ते नाव माझ्या घरात देवघरासारखं आहे. माझे पणजोबा संस्थानात प्राथमिक शिक्षक होते. 1893 साली महाराजांनी अमरेली भागात सक्तीचं शिक्षण करून पाहिलं, 1906 मध्ये ते साऱ्या संस्थानाला लागू केलं, हे मी पुस्तकात वाचायच्या आधी आजीकडून ऐकलं होतं. आणि हेही ऐकलं होतं की मूल शाळेत आलं नाही तर आईबापांना दंड व्हायचा. खरोखर व्हायचा, वसूल व्हायचा. शेतावर राखणीला ठेवलेली मुलं, घरात भावंडं सांभाळायला बसवलेल्या मुली, यांच्यासाठी तो दंड होता. अक्षर न शिकलेली मुलं अक्षर शिकावीत म्हणून होता. महाराजांना पालकांना दंड करायचा होता, त्यांनी कायद्यात लिहिला. 2009 च्या संसदेने लिहिला नाही. बडोद्याचं उदाहरण तुमच्या बाजूने नाही सर, माझ्या बाजूने आहे.

महाराज स्वतः कसे शिकले ते तर तुम्हाला माहीत असणारच. नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याहून 1875 मध्ये दत्तक आले तेव्हा ते 12 वर्षांचे होते, आणि शिक्षण असं झालेलं नव्हतं. पुढचं सगळं राजवाड्याच्या आश्रयाने, त्यांच्यासाठी नेमलेल्या शिक्षकांकडून, एलियट साहेबांच्या देखरेखीखाली झालं. त्यातून जो माणूस तयार झाला त्याने गावोगावी ग्रंथालयं उघडली. राजाची गोष्ट वेगळी, असं तुम्ही म्हणाल. म्हणा. पण शाळेच्या बाकावर न बसता माणूस शिकत नाही, असं निदान त्यांच्या नावावर सांगू नका.

कायदा पाळण्याचा एवढा आग्रह असेल तर मी काय पाहिलं तेही ऐका. मुलगी तिसरीपर्यंत शाळेत जात होती. शाळेचं नाव घेणार नाही. वर्गात पन्नासच्या वर मुलं आणि एक बाई. कायद्याच्या परिशिष्टात पहिली ते पाचवीला 30 मुलांमागे एक शिक्षक सांगितला आहे. हिचं लिखाण सावकाश. फळ्यावरचं उतरवून व्हायच्या आत फळा पुसला जायचा, मग अपुरी वही घेऊन तिला वर्गाच्या दारात उभं करायचे, येणारीजाणारी मुलं हसायची. रोज सकाळी बूट घालताना पोट दुखायला लागायचं. डॉक्टरांनी दोनदा तपासलं, पोटात काही नव्हतं. सतरावं कलम मुलाला शारीरिक शिक्षा आणि मानसिक छळ दोन्ही करायला मनाई करतं. त्या दारात उभं करण्याला गुन्हा म्हणणारा एकही निवृत्त शिक्षक मला तेव्हा भेटला नाही.

आम्ही काही पळून गेलो नाही. दाखला रीतसर मागितला. कार्यालयातले भाऊ 'आता कोणत्या शाळेत?' विचारत पेन धरून बसले होते. मी म्हटलं, घरी. त्यांनी थोडा वेळ माझ्याकडे पाहिलं, मग शाळा सोडण्याच्या कारणाच्या रकान्यात 'पालकांच्या इच्छेने' असं गुजरातीत लिहिलं आणि शिक्का मारला. शाळाबाह्य मुलांच्या सर्वेक्षणाला दोन बाई आमच्या वाड्यात आल्या तेव्हाही मी मुलीला पुढे बोलावलं, वह्या दाखवल्या. त्यांनी नाव, वय लिहून घेतलं, पाणी प्यायल्या, गेल्या. गुन्हेगार असं वागतो का?

तुमची एक गोष्ट मात्र मला मान्य आहे, आणि ती मोकळेपणाने मान्य करते. हे प्रत्येक घराला जमणारं नाही. दोघांनाही दिवसभर कामावर जावं लागतं तिथे शाळाच हवी, चांगली हवी, आणि जवळ हवी. शाळा बंद करा असं मी कुठेही लिहिलेलं नाही.

राहिले तुमचे बाकीचे मुद्दे. तीव्र अपंगत्व असलेल्या मुलांसाठी घरी शिकण्याची तरतूद 2012 च्या दुरुस्तीने आली, ती त्यांच्या हक्काची आहे. ती त्यांना दिली म्हणून इतरांना मनाई झाली, हा अर्थ तुम्ही लावलात. तो लांबचा विषय आहे, इथे त्यात शिरत नाही. दहावीचं म्हणाल तर राष्ट्रीय मुक्त विद्यालयाची परीक्षा आहे, 14 वर्षं पुरी झाली की प्रवेश मिळतो. आणि मध्येच तिला शाळेत परत जावंसं वाटलं तर चौथ्या कलमाप्रमाणे वयाला योग्य त्या वर्गात घ्यावंच लागतं. एकलकोंडी होईल म्हणता, तर संध्याकाळी आमच्या अंगणात या, पोरांचा गलका तुम्हालाच सहन होणार नाही.

ती काय शिकते, हे तुम्ही विचारलंच नाहीत, तरी सांगते. सध्या ती विजेच्या बिलाच्या मागे लागली आहे. सुरुवातीच्या युनिटांना एक दर, पुढच्यांना जास्त, हे तिला बिलाच्या मागच्या बाजूला बारीक अक्षरात सापडलं. आता ती मे महिन्याचं आणि डिसेंबरचं बिल शेजारी ठेवून आलेखाच्या कागदावर दोन रेघा काढते, आणि जिथे रेघ एकदम वर वळते तिथे लाल ठिपका देऊन वडिलांना विचारते की कूलर एक तास कमी लावला तर हा ठिपका मागे येईल का. त्याआधी कमाटीबागेतल्या संग्रहालयातला निळ्या देवमाशाचा सांगाडा होता. एका चौकोनाला एक फूट धरून तिने तो काढला, पान पुरलं नाही तेव्हा दुसरं चिकटवलं, मग तिसरं. अजून सावकाशच लिहिते. फळा पुसायला कोणी नसतं, एवढंच.

तुमच्या वयाचा आणि तुमच्या पेशाचा मान राखून लिहायचा प्रयत्न केला आहे. जिथे आवाज चढला तिथे तो तुमच्या त्या शेवटच्या वाक्यामुळे चढला, आणि त्याबद्दल मला वाईट वाटत नाही. कोणत्या कलमाखाली, कोणत्या शिक्षेचा गुन्हा, ते लिहून पाठवा. ती प्रतिक्रिया मी जशीच्या तशी ठेवीन आणि उत्तरही देईन. माझ्या मुलीबद्दल पुन्हा एक शब्द आला तर काढून टाकीन.