चोवीस म्हणजे उशीर झाला का?

गेल्या डिसेंबरात आमच्या भावकीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एकाच आठवड्यात दोन भांडणं झाली. पहिलं मेस्सीवरून. 14 डिसेंबर 2025 ला तो वानखेडेवर आला, सचिननं त्याला आपली दहा नंबरची जर्सी दिली, आणि त्याच कार्यक्रमात राज्य सरकारचा 'महादेवा' प्रकल्प गाजला. 13 वर्षांखालची 60 मुलं-मुली निवडायची आणि पाच वर्षं त्यांना शिष्यवृत्ती देऊन फुटबॉल शिकवायचा. निम्मा ग्रुप खूश. उरलेल्या निम्म्याचं म्हणणं, आमच्या शाळेच्या मैदानावर अजून लग्नाचे मांडव पडतात, तिथं आधी मुरूम टाका.

दुसरं भांडण माझ्या भाच्यावरून. तो अग्निवीर आहे, जानेवारी 2023 च्या पहिल्या तुकडीतला. या वर्षअखेर त्याची चार वर्षं भरतील. शंभरातले पंचवीस ठेवून घेणार, बाकीचे घरी. जाताना हातात सेवानिधी. योजना आली तेव्हा व्याजासह साधारण 11 लाख 71 हजारांचा आकडा सांगितला होता. एका चुलत भावानं लिहिलं, "पैसे घ्यायचे, बुलेट घ्यायची अन् पुण्यात वॉचमनकी करायची." माझा भाऊ चिडून ग्रुपमधून बाहेर पडला. संध्याकाळी वहिनीनं परत घातला.

भाच्याचं म्हणणं कुणी विचारलं नव्हतं. ते मला फोनवर कळलं. "आत्या, बटालियनच्या टीममध्ये राइट विंगला खेळायलोय मी. कोच म्हणतेत, तू चार वर्षं आधी सापडायला पाहिजे होतास." (राइट विंग म्हणजे मैदानाच्या उजव्या कडेनं चढाई करणारा.) आणि मग जरा थांबून, "चोवीस म्हंजी लै उशीर झाला का?"

मी इंग्लंडात पोर्ट्समथला राहते. नौदलाचं गाव आहे, एका रुग्णालयात फिजिओथेरपिस्ट आहे, आणि शनिवारी जवळच्या एका छोट्या क्लबाला फुकट मदत करते. म्हणजे पोटऱ्यांना टेप लावणं आणि पाण्याच्या बाटल्या भरणं. भाच्याचा प्रश्न मी दुसऱ्या दिवशी गुडघा बदललेल्या एका म्हाताऱ्या पेशंटला सांगितला, बोलता बोलता. तो पूर्वी गोदीत कामाला होता. त्यानं व्यायाम थांबवला आणि म्हणाला, मग त्याला गायची गोष्ट सांग.

गाय व्हिटिंगहॅम. (हे नाव आईला फोनवर सांगितलं तर तिला वाटलं मी गोठ्याचं विचारतेय.) हा माणूस ब्रिटिश सैन्यात होता. 1989 साली काहीशे पौंड भरून त्यानं स्वतःला सैन्यातून सोडवून घेतलं आणि पोर्ट्समथ क्लबाशी करार केला. वय 24. ज्या वयात इथला खेळाडू दोनतीन क्लब बदलून झालेला असतो, त्या वयात याची पहिली व्यावसायिक सही. 1992-93 च्या हंगामात त्यानं लीगमध्ये 42 गोल केले. क्लबाचा तो विक्रम अजून कुणी मोडलेला नाही. टोपणनाव पडलं 'कॉर्पोरल पनिशमेंट'. कॉर्पोरल म्हणजे आपल्याकडचा नाईक, आणि दोन्ही शब्द मिळून अर्थ होतो छडीचा मार. त्या वर्षी पोर्ट्समथचे 88 गुण झाले, वेस्ट हॅमचेही 88. वेस्ट हॅमचा एक गोल जास्त, म्हणून ते प्रीमियर लीगमध्ये गेले आणि हे राहिले. म्हातारा अजून त्या एका गोलावर चिडतो. उन्हाळ्यात ॲस्टन व्हिलानं व्हिटिंगहॅमला 12 लाख पौंडांना घेतलं. वीस वर्षांनी, क्लब कर्जात बुडून चाहत्यांनी विकत घेतला तेव्हा, प्रशिक्षक म्हणून उभा होता तो हाच.

असाच एक माइक टेलर. जर्मनीत जन्मला, ब्रिटिश सैन्यात होता, गोलकीपर. 1995 मध्ये बार्नेट नावाच्या छोट्या क्लबानं घेतला आणि पुढे उत्तर आयर्लंडकडून 88 आंतरराष्ट्रीय सामने खेळला.

या गोष्टी परदेशातून गावाकडं पाठवायच्या म्हटलं की मला जरा लाज वाटते. "इकडं बघा कसं असतं" म्हणणारे अनिवासी मला स्वतःलाच सहन होत नाहीत. आणि इकडं सगळं छान नाहीच. इथले मोठे क्लब आठ-नऊ वर्षांची पोरं उचलतात आणि सोळा-अठराला बहुतेकांना घरी पाठवतात. माझ्याकडे येतात ती. सतरा वर्षांचा मुलगा, गुडघ्याचं लिगामेंट तुटलेलं, आणि त्याहून वाईट म्हणजे आठवड्यापूर्वी क्लबाचं पत्र आलेलं. त्याची आई खुर्चीत बसून माझ्याकडं अशी बघते की जणू मी ते पत्र फाडू शकते. निवड लवकर करण्याचा वेडेपणा आपण शोधलेला नाही, तो इथलाच माल आहे.

फरक त्यानंतर काय होतं त्यात आहे. तो मुलगा वर्षभरानं आमच्या शनिवारच्या क्लबात येतो. तिकीट आठ पौंड, प्रेक्षक दीडशे, पत्र्याच्या टपरीत चहा. संघात नळजोडणीवाला, पोस्टमन, एक नौदलातला खलाशी. त्यांच्या वर एक लीग, तिच्या वर आणखी एक. जिंकलात तर वर जाता, हरलात तर खाली. वरच्या क्लबाचा माणूस कधीकधी छत्री घेऊन कोपऱ्यात उभा असतो. व्हिटिंगहॅम असाच सापडला. सैन्यात असतानाच तो ऑक्सफर्ड सिटी, वॉटरलूव्हिल, येओव्हिल असल्या छोट्या क्लबांकडून खेळत होता. सैन्य सोडलं त्या दिवशी तो नवखा नव्हता, वरची पायरी कुठली ते त्याला माहीत होतं. लोक गोष्ट सांगताना त्यानं पैसे भरून सुटका केली त्यावर थांबतात. मला त्याआधीचे शनिवार जास्त महत्त्वाचे वाटतात.

आता आपलं बघू. सैन्य आणि फुटबॉल यांचं नातं आपल्याकडं इंग्लंडपेक्षा कमी जुनं नाही. ड्युरँड कप 1888 पासूनचा, शिमल्याला सुरू झालेला, सैनिकांसाठीच. राज्याराज्यांच्या संघांची संतोष ट्रॉफी सर्व्हिसेसनं, म्हणजे सैन्यदलांच्या संघानं, 2023-24 मध्ये सातव्यांदा जिंकली. आणि पीटर थंगराज! मद्रास रेजिमेंटल सेंटरचा गोलकीपर, 1956 च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये चौथ्या आलेल्या भारतीय संघातला. 1962 च्या जकार्ता आशियाई स्पर्धेत आपण सुवर्ण जिंकलं तेव्हाही गोलात तोच. नंतर कोलकात्याच्या तिन्ही बड्या क्लबांकडून खेळला. म्हणजे छावणीतून क्लबात जाणारी वाट आपल्याकडं होती, व्हिटिंगहॅमच्या तीस वर्षं आधी. कोलकात्यात क्लब होते म्हणून ती कुठेतरी पोचत होती.

आणि सैन्यानं उशिरा घडवलेला खेळाडू म्हणाल तर आमच्या बीड जिल्ह्याला तो बाहेरून सांगावा लागत नाही. अविनाश साबळे, आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा. बारावी झाल्यावर सैन्याच्या 5 महार पलटणीत भरती झाला, सियाचीनला राहिला, राजस्थानच्या वाळूत राहिला, सिक्कीमला राहिला. पळण्याची स्पर्धा म्हणून पळायला लागला तो 2015 मध्ये, सैन्यातच. तीन वर्षांनी भुवनेश्वरला त्यानं 3000 मीटर स्टीपलचेसचा, म्हणजे अडथळ्यांवरून उड्या मारत पळायच्या शर्यतीचा, राष्ट्रीय विक्रम मोडला, गोपाल सैनींचा, 1981 पासून टिकलेला. वेळ 8 मिनिटं 29.80 सेकंद. वय? चोविसावा वाढदिवस होऊन जेमतेम दोन आठवडे. पुढं 2022 ला राष्ट्रकुलचं रौप्य, 2023 ला हांगझोऊत आशियाई सुवर्ण, 2024 ला पॅरिसच्या डायमंड लीगमध्ये 8:09.91.

मी हे ग्रुपवर टाकलं तर भावानं विजय घोषित केला. बघ, उशीर वगैरे काही नसतं, मेहनत पाहिजे. मला ते पटत नाही. साबळेच्या मेहनतीबद्दल शंका नाही, पण त्याच्या खेळाला घड्याळ पुरतं. तू आठ मिनिटं तीस सेकंदांत आलास का? आलास. मग कोण कुठला, कितव्या वर्षी सुरुवात केली, हे घड्याळ विचारत नाही. आमच्याकडं पहाटे चारला बीड-नगर रोडच्या कडेनं पळणारी पोरंसुद्धा यावरच जगतात. 1600 मीटर साडेपाच मिनिटांत मारलं की पूर्ण 60 मार्क. राइट विंगरला असं घड्याळ नसतं. त्याचा कस ठरतो तो समोरच्या लेफ्ट बॅकवरून (त्याला अडवणाऱ्या बचावपटूवरून), आणि समोर लेफ्ट बॅक यायला दर आठवड्याला मॅच लागते. भाच्याच्या बटालियनमध्ये मॅच होतात, पण त्या आपसात. सुट्टीवर आला की त्याच्यासमोर कुणी नसतं. आमच्या गावातून एसटीनं जाऊन संध्याकाळी परतता येईल अशी दर रविवारची एखादी लीग आहे का, म्हणून त्यानं महिनाभर फोन फिरवले. टेनिस बॉल क्रिकेटच्या चार सापडल्या. एकीत पहिलं बक्षीस बोकड होतं.

'महादेवा'च्या त्या तेरा वर्षांच्या अटीवर माझा राग आहे तो यासाठी. साठ पोरांचं भलं व्हायलाच पाहिजे. पण आमच्या भागातल्या पोराला तेराव्या वर्षी कोण बघणार? दिवाळी झाली की आमच्या गावातले निम्मे घरदार ऊसतोडीला जातात, पोरं बरोबर, ती परततात पाडव्याच्या आसपास. ऐन खेळाच्या थंडीत ती कारखान्याच्या तळावर, कोपीत. गंमत अशी की त्यातली कितीतरी कोल्हापूरकडं जातात, महाराष्ट्राच्या फुटबॉलच्या राजधानीत, आणि तिथं बापाला मोळ्या बांधू लागतात. आणि शरीर? तेराव्या वर्षी एका पोराला मिसरूड फुटलेलं असतं, दुसरं अजून लहान मूल असतं. निवडणारा मिसरूडवाल्याला निवडतो, त्याचा दोष नाही, तो मॅच जिंकून देतो. इथल्या अकादम्यांत सप्टेंबर-ऑक्टोबरात जन्मलेल्यांची गर्दी दिसते, कारण इथलं शाळेचं वर्ष 1 सप्टेंबरला सुरू होतं आणि ती वर्गात थोराड ठरतात. आमच्याकडं हा घोळ होणार नाही, कारण आमच्या पिढ्यान् पिढ्या 1 जूनलाच जन्मतात. गुरुजींनी तसं लिहून ठेवलंय.

भावाचा यावर एक सवाल होता, आणि तो मला खोडता येत नाही. "लीग लीग करतीस, ती वरची तरी चालतीय का?" खरंय. अलीकडे गणपतीच्या सुमारास सुरू होणारी आयएसएल (इंडियन सुपर लीग, देशातली सगळ्यात वरची फुटबॉल लीग) 2025 मध्ये कराराच्या वादात अडकली आणि लांबत लांबत 2026 उजाडलं. पगारदार खेळाडू घरी बसले होते. अशा वेळी हातची सरकारी नोकरी, पोलीस भरती, निमलष्करी दलातला माजी अग्निवीरांचा राखीव कोटा हे सोडून पोरानं बॉलमागं पळावं असं मी कुठल्या तोंडानं सांगू? मी पौंडात पगार घेते. त्याची फजिती झाली तर किंमत वहिनी मोजणार.

म्हणून मी त्याला नोकरी सोडून खेळ असं सांगितलं नाही. व्हिटिंगहॅमही आधी नोकरी सांभाळत खेळला होता. माझं भांडण भाच्याशी नाही, त्या साठच्या आकड्याशी आहे. बीड, जालना, परभणी, धाराशिव, अशा मराठवाड्याच्या आठ जिल्ह्यांत आठ छोट्या लीग. खर्च काय? रेफ्रीचं मानधन, चुन्याच्या चार गोण्या, बॉल, पाहुण्या संघाचं एसटीभाडं. पोलीस लाइनचा एक संघ, कॉलेजचा एक, एमआयडीसीतला एक, आणि पुढच्या जानेवारीत परत येणाऱ्या अग्निवीरांचा एक, तो तर तयारच आहे, दम कमावलेला, शिस्त लागलेली, वय तेवीस-चोवीस. त्यांना वॉचमन म्हणून मोजायला आपली तयारी आहे. खेळाडू म्हणून मोजायचं मेस्सीच्या सभेत कुणाच्या डोक्यात आलं नाही. यातला एकही पुढं गेला नाही तरी रविवार तर सुधारेल की नाही? आमच्या शनिवारच्या क्लबातून माझ्या सहा वर्षांत एकच मुलगा वर गेला. बाकीचे वीस पुढच्या शनिवारी पुन्हा येतात, चिखलात लोळतात, मला शिव्या देतात की टेप घट्ट बसली.

परवा भाच्याचा पुन्हा फोन आला. पुण्यातल्या एका क्लबाच्या खुल्या ट्रायल आहेत, डिस्चार्जच्या महिन्यातच. वरच्या संघासाठी नाही, त्यांच्या खालच्या संघासाठी. फॉर्म भरत होता आणि एका रकान्यावर अडला होता. हा पोरगा झाला कोजागिरीच्या दुसऱ्या दिवशी, मी तेव्हा दवाखान्यात होते, मला पक्कं आठवतं. कागदावर तो त्याच वर्षीच्या 1 जूनचा आहे, साडेचार महिन्यांनी थोरला.

"आत्या, खरी लिहू का शाळेची?"

"आधारवर कोणती आहे?"

"शाळेचीच."

"मग शाळेचीच लिही," मी म्हटलं. "अन् ट्रायलच्या आधी महिनाभर उजव्या घोट्याचा व्यायाम सोडू नकोस. व्हिडिओ पाठवते."

"पाठव. पण व्हॉट्सॲपवर नको, इथं रेंज नाही. एसएमएसनं लिहून पाठव."

तर सध्या मी घोट्याचे सात व्यायाम चित्राशिवाय, मराठीत, एसएमएसमध्ये बसवतेय. तिसऱ्यावर अडकलेय.